मंगळवारी अहवाल, बुधवारी गिलोटिन

अर्थमंत्र्यांचे भाषण संपते न संपते तोच संरक्षण खर्चावरचा वाद सुरू होतो, आणि दरवर्षी तो त्याच दोन खुंट्यांना टांगलेला असतो. एकीकडे निवृत्त अधिकारी आणि त्यांच्या सुरात सूर मिसळणारे निवेदक: जीडीपीच्या तीन टक्के मिळालेच पाहिजेत, चीन बघा कुठे पोचला. दुसरीकडे तेवढेच घोटलेले उत्तर: एका लढाऊ विमानाच्या किमतीत किती शाळा उभ्या राहतील याचे गणित. मे २०२५ मधल्या चार दिवसांच्या संघर्षानंतर पहिल्या बाजूचा आवाज एवढा चढला की दुसरी बाजू जवळजवळ गप्पच बसली. मला भांडायचे आहे ते दोघांशीही. पैसा किती, यावर दोघे घसा कोरडा करतात. त्या पैशातून नेमके काय यायचे होते, ते आले का, आणि नसेल आले तर जाब कोणी विचारला, याकडे दोघांचीही पाठ असते. हा जाब विचारण्याची आपल्या घटनेतली जागा संसद आहे. माझे म्हणणे असे की संसदेने ती जागा जवळजवळ सोडून दिली आहे, आणि ती परत धरल्याशिवाय दोन टक्के काय, चार टक्के दिले तरी फारसा फरक पडणार नाही.

आधी ती टक्केवारी जरा उलगडून पाहू. २०२५-२६ साठी संरक्षण मंत्रालयाला मिळाले सुमारे ६ लाख ८१ हजार कोटी रुपये. केंद्राच्या एकूण खर्चाच्या तेरा टक्क्यांहून थोडे जास्त. यातले सुमारे १ लाख ६० हजार कोटी निवृत्तिवेतनाचे. पगार, इंधन, दारूगोळा, दुरुस्ती अशा चालू खर्चाचे ३ लाख ११ हजार कोटी. विमाने, जहाजे, तोफा, रडार यांच्यासाठीचा भांडवली खर्च १ लाख ८० हजार कोटी. म्हणजे निवृत्त सुभेदाराचे पेन्शन आणि नवी पाणबुडी एकाच बेरजेत. पेन्शन हे देणेच आहे, त्यावर वाद नाही. पण उद्या पेन्शन वाढले तर जीडीपीतली टक्केवारीही वाढेल आणि सीमेवर एकही नवी तोफ आलेली नसेल. मग तीन टक्क्यांचा ढोल वाजवणाऱ्याला हवे आहे तरी काय?

आता ज्या भांडवली खर्चासाठी एवढा आक्रोश असतो, त्याचेच पाहा. २०२४-२५ च्या अर्थसंकल्पात त्यासाठी १ लाख ७२ हजार कोटी होते. सुधारित अंदाजात ते १ लाख ५९ हजार ५०० कोटींवर आले. मिळालेल्यातले साडेबारा हजार कोटी आपण त्या वर्षी खर्चू शकलो नाही. ताट मोठे करा म्हणणाऱ्याने पानात का उरले, हे आधी सांगायला नको?

उरण्याचे कारण कोणाचा आळस नाही. तेजसच्या सुधारित आवृत्तीच्या ८३ विमानांचे कंत्राट फेब्रुवारी २०२१ मध्ये झाले; पहिली विमाने मार्च २०२४ पासून मिळायची होती. ती रखडली. जे विमान आले नाही त्याचा हप्ता कसा देणार? मे २०२५ मध्ये हवाई दलप्रमुखांनी दिल्लीत उद्योजकांसमोर उघड सांगितले की वेळेवर पूर्ण झालेला एकही प्रकल्प आपल्याला आठवत नाही, आणि पुष्कळदा कंत्राटावर सही करतानाच माहीत असते की माल वेळेत येणार नाही. सप्टेंबर २०२५ मध्ये मिग-२१ निवृत्त झाले तेव्हा लढाऊ विमानांच्या मंजूर ४२ स्क्वाड्रनपैकी (तुकड्यांपैकी) २९ उरल्या. गणवेशातला सर्वोच्च अधिकारी ही गोष्ट उद्योजकांच्या मेळाव्यात सांगतो, हे मला मोलाचे वाटते. पण ती त्याला तिथे सांगावी लागते, याची कोणालाच लाज वाटत नाही, हे जास्त बोलके आहे.

याची उलटी बाजूही आहे: पैसा उरतो तशा योजना पैशाविना मंजूर होतात. जुलै २०१३ मध्ये चीन सीमेसाठी पर्वतीय आक्रमक कोअर उभारायला मंत्रिमंडळाच्या सुरक्षाविषयक समितीने मान्यता दिली. सुमारे ९० हजार सैनिक, खर्च ६४ हजार ६७८ कोटी. मथळे झाले, पाठ थोपटून झाली. वेगळी तरतूद मात्र झाली नाही. युद्धासाठी राखून ठेवलेल्या साठ्यातून शस्त्रे आणि सामग्री काढून नव्या तुकड्यांची उभारणी सुरू झाली, आणि पाचेक वर्षांत ती अर्ध्यावर थांबली. ही मोठी चूक कोणत्या दप्तरात नोंदली गेली? कोणत्याच नाही. मंजुरीच्या दिवशी रक्कम कुठून येणार हे कोणी विचारले नव्हते, तर थांबवताना तरी कोण विचारणार?

नियोजनाची गोष्ट निघालीच आहे तर एक जुनी आठवण. १९६२ च्या पराभवानंतर यशवंतराव चव्हाण दिल्लीला गेले, हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला हे आपण शाळेपासून घोकतो. चव्हाणांनी तिथे केलेले कमी नाट्यमय काम आपण सांगत नाही: १९६४ ते १९६९ ची पहिली पंचवार्षिक संरक्षण योजना त्यांच्या काळात झाली. घाबरून एका वर्षात पैसा ओतायचा आणि भीती ओसरली की विसरायचे, हा खेळ थांबवण्याचा तो प्रयत्न होता. पुढे त्या योजनांचे काय झाले? अकरावी (२००७-१२) आणि बारावी (२०१२-१७) या दोन्ही संरक्षण योजनांना सरकारची औपचारिक मान्यता मिळालीच नाही. दहा वर्षे तिन्ही दलांनी बेत आखले, अर्थ खात्याने त्यांना होकार दिला नाही, नकारही दिला नाही. खर्च न झालेला पैसा ३१ मार्चला बुडू नये म्हणून २००४ च्या अंतरिम अर्थसंकल्पात २५ हजार कोटींच्या आधुनिकीकरण निधीची घोषणा झाली. निधी उभा राहिला नाही. पंधराव्या वित्त आयोगाने २०२१ ते २०२६ साठी अशाच निधीची शिफारस २ लाख ३८ हजार ३५४ कोटींच्या आकड्यासकट केली. घोषणांचे पीक आपल्याकडे कधी बुडत नाही.

या सगळ्यावर संसदेने काय केले? १३ मार्च २०१८, मंगळवार. संरक्षणविषयक स्थायी समितीचे अहवाल लोकसभेत मांडले गेले. अध्यक्ष होते भुवनचंद्र खंडुरी, सत्ताधारी पक्षाचे खासदार आणि स्वतः निवृत्त मेजर जनरल. भूदलाच्या उपप्रमुखांनी समितीला सांगितले होते की आपल्याकडची ६८ टक्के सामग्री जुनाट वर्गातली आहे, २४ टक्के चालू काळातली आणि अत्याधुनिक फक्त आठ टक्के. आधुनिकीकरणाला मिळाले २१ हजार ३३८ कोटी, तर आधीच सही केलेल्या १२५ योजनांचे देणेच २९ हजार ३३ कोटी. म्हणजे नवे काही घेणे सोडाच, जुन्या हप्त्यांनाही पैसा अपुरा. एखाद्या लोकशाहीत यावर सरकार हादरले असते. आपल्याकडे दुसऱ्या दिवशी, बुधवारी, लोकसभेने गोंधळात अर्ध्या तासाच्या आत, सगळ्या मंत्रालयांच्या खर्चाच्या मागण्या गिलोटिन लावून, म्हणजे चर्चेविना, एका फटक्यात मंजूर केल्या. संरक्षणाच्या चार मागण्याही त्यातच. गोंधळ विरोधकांचा होता, घाई सरकारची होती. त्या दिवसाचे पाप मी दोघांना सारखे वाटून देईन. त्याच वर्षी समितीचे अध्यक्षही बदलले.

आणि हा हक्क काही आकाशातून पडलेला नाही. १८९७ साली पुण्याचे गोपाळ कृष्ण गोखले लंडनला हिंदुस्थानच्या खर्चाची चौकशी करणाऱ्या वेल्बी आयोगापुढे साक्ष द्यायला गेले. हिंदुस्थानच्या तिजोरीवर लादलेला लष्करी बोजा हा तिथल्या त्यांच्या तक्रारींतला एक मोठा भाग होता. १९०२ पासून वरिष्ठ कायदेमंडळात ते दरवर्षी अर्थसंकल्पावर बोलत, आकडा न् आकडा पाठ करून. मत देता येत नव्हते, फक्त बोलता येत होते. १९१९ च्या कायद्याने काही खर्च मतदानाला खुले झाले. लष्कराचा झाला नाही. १९३५ च्या कायद्यातही संरक्षण गव्हर्नर जनरलच्या मुठीतच राहिले. फौजेच्या खर्चावर लोकप्रतिनिधींचे मत असावे, यासाठी तीन पिढ्या भांडल्या. १९५० मध्ये तो हक्क मिळाला. ज्याला मत नव्हते त्या गोखल्यांनी लष्करी खर्चाची चिरफाड केली, आणि ज्यांना मत आहे ते हात वर करून जेवायला जातात. हे वाक्य मला सुखाने लिहिता येत नाही.

विरोधी मुद्दे आहेत, आणि ते पोकळ नाहीत. पहिला गुप्ततेचा. शत्रूला आपली उणीव कळू नये, हे कोण नाकारेल? २०१७ मध्ये कॅगने, म्हणजे सरकारी खर्च तपासणाऱ्या महालेखापरीक्षकांनी, सांगितले की दारूगोळ्याच्या १५२ प्रकारांपैकी सुमारे ४० टक्के प्रकारांचा साठा दहा दिवसही पुरणारा नाही. तेव्हा अनेकांना वाटले की हे छापायची गरज नव्हती. मी त्यांच्याशी थोडा सहमत आहे. कुठल्या बनावटीचा गोळा किती दिवस पुरेल हे चव्हाट्यावर मांडू नये. पण बंद दारांची सोय आपल्याकडे आहेच. स्थायी समितीच्या बैठका मुळातच बंद खोलीत होतात, आणि देशाच्या सुरक्षेला बाधेल असा कागद समितीला न देण्याची मुभा लोकसभेच्या नियमांनी सरकारला दिलेली आहे. एवढे असताना गुप्ततेचा पडदा कुठवर ओढायचा? फेब्रुवारी २०१९ च्या राफेलवरील अहवालात किमतीच कॅगने झाकल्या, मंत्रालयाच्या आग्रहावरून. किंमत म्हणजे रणनीती नव्हे, ते बिल आहे. ब्रिटनचे राष्ट्रीय लेखापरीक्षण कार्यालय तिथल्या दहा वर्षांच्या लष्करी खरेदी योजनेची छाननी करून निकाल जाहीर छापत असे. डिसेंबर २०२३ मध्ये त्यांनी सांगून टाकले की २०२३ ते २०३३ च्या योजनेला ३०५.५ अब्ज पौंड लागतील आणि हाताशी आहेत २८८.६ अब्ज; तूट १६.९ अब्ज. म्हणून त्यांच्या पाणबुड्या बुडाल्या नाहीत.

गुप्तता कोणापासून, हेही पाहायला हवे. फेब्रुवारी २०२० मध्ये कॅगचा आणखी एक अहवाल संसदेत आला, सियाचीन आणि लडाखमधल्या उंच ठाण्यांवरच्या जवानांचे कपडे, बूट आणि शिधा यांवर. खरेदीला इतका उशीर झाला होता की नवे बूट न मिळाल्याने जुनेच पुन्हा दुरुस्त करून वापरावे लागले. मुखवटे, जॅकेटे, झोपायच्या पिशव्या जुन्या धाटणीच्या घेतल्या गेल्या. काही ठिकाणी शिध्यातून मिळणाऱ्या उष्मांकांत ८२ टक्क्यांपर्यंत घट आढळली. बूट फाटलाय हे त्या जवानाला ठाऊक होते, त्याच्या सुभेदाराला ठाऊक होते, पलीकडच्या ठाण्यातून दुर्बीण लावून बसलेल्यालाही कदाचित ठाऊक असेल. ठाऊक नव्हते ते त्या बुटाचे पैसे भरणाऱ्याला. गुप्ततेची मागणी जेव्हा बुटांपर्यंत येते तेव्हा तिचा रोख शत्रूकडे नसतो.

दुसरा मुद्दा खासदारांच्या पात्रतेचा. त्यांना क्षेपणास्त्रातले काय कळते, ते फक्त राजकारण करतील. करतील, करोत. १९४८ मध्ये लंडनमधल्या आपल्या उच्चायुक्तालयाने सुमारे ऐंशी लाख रुपयांचे जीपचे कंत्राट केले, आल्या फक्त १५५, त्याही वापरायच्या लायकीच्या नव्हत्या. लोकलेखा समितीने ते धरले. समितीतल्या एकालाही जीपचे इंजिन दुरुस्त करता आले असते असे नाही. मागवल्या किती, आल्या किती, पैसे किती गेले, एवढी तीन वाक्ये विचारता येणे पुरेसे असते. घर बांधून घेणारा माणूस गवंडी नसतो.

तिसरा मुद्दा सर्वांत जड आहे, आणि तो मांडणारे बहुतेक वेळा या व्यवस्थेत आयुष्य घालवलेले लोक असतात. ते म्हणतात, तपासणीच्या धाकाने खरेदीच बंद पडते. अधिकारी सही करायला घाबरतो, फाइल टेबलावरून टेबलावर फिरते, आणि शेवटी हात रिकामे राहतात ते जवानाचे. पुरावा म्हणून ते स्वीडनच्या बोफोर्स तोफांच्या प्रकरणाकडे बोट दाखवतात. मार्च १९८६ मध्ये सुमारे १४३७ कोटींचे कंत्राट. १९८७ मध्ये स्वीडिश रेडिओने लाचेची बातमी फोडली. संयुक्त संसदीय समिती, राजीनामे, १९८९ ची निवडणूक. त्यानंतर परदेशातून १५५ मिलिमीटरची नवी तोफ घेण्याचा करार व्हायला नोव्हेंबर २०१६ उजाडला. तीस वर्षे! मधल्या काळात १९९९ मध्ये कारगिलच्या डोंगरांवर धडाडल्या त्या त्याच बदनाम तोफा. आणखी खुपणारी गोष्ट ही की त्या करारासोबत तंत्रज्ञानाचे आराखडेही आले होते आणि ते कित्येक वर्षे कपाटात पडून राहिले. धनुष ही देशी तोफ पुढे त्यांच्याच आधाराने घडली.

हा इतिहास मला मान्य आहे, त्यातून काढलेला निष्कर्ष मान्य नाही. त्या तीस वर्षांत संसदेने बोफोर्सवर शेकडो तास घालवले. पण प्रश्न एकच होता: पैसे कोणी खाल्ले? तोही विचारायलाच हवा होता. पण तोफा कुठे आहेत, आराखडे कपाटात का आहेत, पुढची निविदा का रद्द झाली, तिच्या पुढची का झाली, हे दरवर्षी मार्चमध्ये कोणी रीतसर विचारले का? नाही. आपल्याकडे देखरेख असते ती आग लागल्यावर येणाऱ्या बंबासारखी, घंटा वाजवत, सगळे भिजवत. रोजच्या देखरेखीचा धाक वेगळा असतो. खरेदी करणाऱ्या अधिकाऱ्याला जसे चुकीच्या सहीचे उत्तर द्यावे लागते, तसेच न केलेल्या सहीचेही द्यावे लागले असते, तर फाइल दाबून ठेवणे हा सुरक्षित मार्ग राहिला नसता. आज तोच सर्वांत सुरक्षित मार्ग आहे. उशिरासाठी कोणाची चौकशी झाल्याचे कोणी ऐकले आहे? जी यंत्रणा फक्त पापाची नोंद ठेवते, त्या यंत्रणेत माणसे पापही करत नाहीत आणि पुण्यही करत नाहीत.

आणि हे सगळे परदेशी खूळ आहे, रणांगणावर हिशेब कसले, असे म्हणणारे आपल्याकडे विशेषतः छत्रपतींच्या नावाने म्हणतात, तेव्हा मला त्यांना एक पत्र वाचायला द्यावेसे वाटते. चिपळूणजवळ हलवर्ण येथे छावणी करून राहिलेल्या जुमलेदार, हवालदार आणि कारकुनांना शिवाजी महाराजांनी लिहिलेले. त्यात शौर्याचा शब्द नाही, दाणा आणि वैरण आहे. पावसाळ्यापुरता साठा केलेला आहे. आत्ताच मन मानेल तसा उडवाल तर ऐन पावसात मिळणार नाही, घोडी उपाशी मरतील, आणि ती तुम्हीच मारल्यासारखे होईल. मग तुम्ही रयतेकडून ओरबाडाल आणि मोगल बरा म्हणायची पाळी तिच्यावर आणाल. पुढे तर रात्री दिवा जळता ठेवू नका, उंदीर वात पळवील आणि गवताच्या गंजीला आग लागेल, इथवर बारकावा आहे. याला मी लष्करी अर्थसंकल्प म्हणतो: साठा किती, काळ किती, चुकल्यास दोष कोणाचा. किल्ल्यावरही हवालदार एकटा मालक नसे. हजेरी आणि हिशेब सबनिसाकडे, कोठार कारखानिसाकडे. फौजेला सरकारी खजिन्यातून रोख पगार देण्याची ही घडी पुढे मोडली आणि सरंजाम, म्हणजे फौज ठेवण्यासाठी सरदारांना लावून दिलेले मुलूख, आले, तेव्हा सरदाराने किती घोडी ठेवायची हे कागदावर राहिले आणि पागेत किती आहेत हे पाहण्यासाठी सरकारला गणती करत फिरावे लागले. आजची मंजूर ४२ आणि हजर २९ ही तीच जात आहे.

मग करायचे काय? जर्मनीत अडीच कोटी युरोच्या वरचा प्रत्येक लष्करी करार संसदेच्या अर्थसंकल्प समितीकडे मंजुरीला जातो. तसे आपल्याकडे आणले तर आणखी एक टेबल वाढेल, एवढेच होईल असे मला वाटते. आपल्याकडे टेबलांची कमतरता नाही. मला हवे आहे ते त्याहून साधे. संरक्षणाच्या मागण्या दरवर्षी गिलोटिनमधून वगळाव्यात आणि त्यांच्यासाठी एक पूर्ण दिवस राखावा. पाच वर्षांत किती पैसा मिळेल याचा ढोबळ का होईना आकडा अर्थ खात्याने लेखी संसदेपुढे ठेवावा, म्हणजे पैशाविना कोअर उभारण्याची हौस फिटेल. मोठ्या करारांचा एक तक्ता असावा: सही कधी, माल कधी यायचा होता, किती आला, किती दिले. ज्या ओळी नाजूक असतील त्या समितीच्या बंद खोलीत दाखवाव्यात. कॅगचा अहवाल वेळेत यावा आणि बुटांवरचा अहवाल झाकू नये.

वेळ नाही, असे म्हणतील. सगळ्या देशाचा खर्च अर्ध्या तासात मंजूर करणाऱ्या सभागृहाने ते म्हणावे, यात गंमत आहे. मला तर पूर्ण दिवसही नको, सुरुवात एका ओळीने झाली तरी चालेल. भांडवली खर्चाच्या मागणीत ४०७६ हे मुख्य शीर्ष असते. त्याखाली विमाने आणि विमानांची इंजिने, जड आणि मध्यम वाहने अशी उपशीर्षे येतात, आणि मग एक ओळ येते, 'इतर साहित्य'. या 'इतर'मध्ये हजारो कोटी असतात. तोफा, रडार, क्षेपणास्त्रे, सगळे त्यातच. त्या एका ओळीवर लोकसभेत एक तास चर्चा झालेली मला पाहायची आहे.